घरातलं माणूस आडवं पडलं की आपण उभं कसं राहायचं

पुण्याच्या शनिवार पेठेत मी ब्लाउज शिवते, फॉल-पिको करते. माझ्या ह्यांना अर्धांगवायूचा झटका आला, उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. ते सगळं गल्लीने पाहिलेलं आहे. त्यामुळे आता कुणाच्या घरी असं दुखणं आलं की बायका माप द्यायच्या निमित्ताने येतात आणि मशीनशेजारच्या स्टुलावर बसून विचारतात, "काकू, एवढा धीर कुठून आणलात?" त्यांना मी जे सांगते तेच इथे लिहिते.

धीर आधी येतो आणि मग माणूस कामाला लागतं, असं आपल्याला वाटतं. माझा अनुभव उलटा आहे. हातात पुढचं एक काम असलं की धीर मागून येतो. हे मला माझ्या सासूबाईंकडून मिळालं. 12 जुलै 1961ला पानशेत धरण फुटलं, त्यापाठोपाठ खडकवासलाही फुटलं, आणि आमच्या पेठेत पाणी शिरलं. पाणी ओसरल्यावर घरात गुडघाभर चिखल, धान्याची पोती कुजलेली, आणि खडकवासल्याचं पाणीच गेल्यामुळे नळ कोरडे. सासूबाई सांगायच्या, "सगळ्या घराकडे बघायचंच नाही असं ठरवलं. आधी स्टोव्हपुरती जागा खरवडून काढली, चहा केला, मग पुढचा कोपरा." मोठ्या संकटात मी अजून तेच करते. आज स्टोव्हपुरती जागा कुठली, एवढंच बघायचं.

दवाखान्यात असताना ती जागा म्हणजे एक वही. पुठ्ठ्याची, जाड. औषध कुठलं, किती वाजता दिलं, बीपी किती, डॉक्टर काय म्हणाले, सगळं त्यात. राउंडला डॉक्टर दोन मिनिटं थांबतात आणि त्या दोन मिनिटांत आपलं डोकं रिकामं होतं. म्हणून प्रश्न आदल्या रात्रीच लिहून ठेवा. गिळता येतंय का तपासलं का? तोंडाने पाणी द्यायचं की नाही? कुशी किती वेळाने बदलायची? व्यायाम कधीपासून? उत्तर मिळालं की तिथेच लिहा. निम्मी भीती पुढे काय होणार हे माहीत नसल्याची असते, आणि ती वहीने कमी होते.

पैशांचं पहिल्या दिवशी बोला. आपल्याकडे हे तोंडातून निघत नाही. मंगळसूत्र मोडू, पण विचारणार नाही, अशी आपली तऱ्हा. धर्मादाय ट्रस्टच्या रुग्णालयांना कायद्याने 10 टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि 10 टक्के दुर्बल घटकांसाठी सवलतीत ठेवाव्या लागतात. पुण्यात अशी रुग्णालयं बरीच आहेत. तिथले वैद्यकीय समाजसेवक कुठे बसतात ते विचारा आणि रेशनकार्ड, आधार, उत्पन्नाचा दाखला घेऊन त्यांच्यासमोर जाऊन बसा. महात्मा फुले जन आरोग्य योजनेचंही तिथेच विचारा. हा आपला हक्क आहे. मान खाली घालायचं काही कारण नाही.

आता माणसांचं. "काही लागलं तर सांगा हं," असं सगळे म्हणतात आणि मनापासून म्हणतात. पण काय करायचं ते त्यांना कळत नसतं. त्यांना तिथल्या तिथे काम द्या. "गुरुवारी चार ते सहा ह्यांच्याजवळ बसाल का? मला बँकेत जायचंय." "सोमवारचा डबा तुमच्याकडून चालेल?" ठरावीक वार, ठरावीक वेळ. शेजारच्या वहिनींनी अशी ताकाची जबाबदारी उचलली आणि ती शेवटपर्यंत निभावली. जे भेटायला येऊन "आमच्या मेव्हण्याचं असंच झालं, मग पुढे..." असं सुरू करतात, त्यांना मी सरळ सांगते, "हे आत्ता त्यांच्यासमोर नको." वाईट वाटलं तर वाटू दे. बोलता येत नसलं तरी माणसाला ऐकू येतं आणि कळतंही.

घरी आणल्यावर खरी परीक्षा लागते, कारण ती रोज असते. दर दोन तासांनी कूस बदलायची, नाहीतर पाठीला जखमा होतात. लुळा हात धरून ओढायचा नाही, खांदा निखळतो. फिजिओथेरपिस्टकडून हे करून बघत शिका, नुसतं ऐकू नका. आणि रात्र वाटून घ्या. मी एक वाजेपर्यंत, पुढे मुलगा, असं आम्ही केलं. "मी करीन सगळं" म्हणणारी बाई आधी कोसळते. झोप मिळाली तरच दुसऱ्या दिवशी ह्यांच्यावर ओरडायची वेळ येत नाही. ओरडणं झालं तरी ते थकव्याचं असतं, प्रेम आटल्याचं नव्हे. सकाळी कुणी घरात असेल तेव्हा मी ओंकारेश्वरापर्यंत जाऊन येते. फोन घरी ठेवते. घाटाच्या पायरीवर बसून रडायचं असेल तर तिथे रडते. कुणी काही विचारत नाही.

ज्या गोष्टीने मला सर्वांत जास्त बळ दिलं ती सविस्तर सांगते. हे अप्पा बळवंत चौकाजवळ बाइंडिंगच्या कारखान्यात होते. सोळा पानी फर्म्याला, म्हणजे पुस्तकाची सोळा पानं छापलेल्या मोठ्या कागदाला, तीन घड्या घालताना कागदाकडे बघायचेसुद्धा नाहीत, अंगठा आपोआप कडेवरून फिरायचा. झटक्यानंतर फिजिओथेरपिस्टने रबरी चेंडू दिला, दाबा म्हणाली. ह्यांनी तो फेकून दिला. चेंडूशी ह्यांचं नातंच काय? मग मी जाड कापडाच्या दोन पट्ट्या घेतल्या, एकीवर ओव्हरकोटाची मोठी बटणं लावली, दुसरीवर तेवढी काजं केली. ते जमायला लागल्यावर पँटची बटणं, मग शर्टाची. त्यानंतर रद्दीतला एक कोरा मोठा कागद समोर ठेवला. डाव्या हाताने पहिली घडी घातली आणि उजवा अंगठा कडेवर टेकवला. घडी तिरकी आली. मी तो कागद वहीत लावून ठेवला, खाली तारीख घातली. महिन्याने दुसरा लावला. दोन्ही शेजारी ठेवले की फरक दिसतो. रोज बघून तो कधीच दिसला नसता.

तेव्हा तुमच्या माणसाचं काम शोधा. पोळी लाटणारी असेल तर कणकेचा गोळा द्या, रिक्षावाला असेल तर किल्ली द्या. तुलना करायची ती मागच्या महिन्याशी, झटक्याआधीच्या माणसाशी नाही. बोलणं गेलेलं असेल तर पाठ असलेलं गाणं म्हणून बघा. बोलायला शब्द न सापडणाऱ्या कित्येकांना चालीतले शब्द सापडतात. ह्यांना पाणी मागता येत नव्हतं, पण आरतीत तोंड उघडलं आणि अख्खी ओळ आली. मुलाच्या हातातून झांज खाली पडली. ह्यावर स्पीच थेरपिस्ट पुढे काम करतात, म्हणून त्यांना हे आवर्जून सांगा.

एक गोष्ट मात्र मनाच्या बळावर सोडू नका. झटक्यानंतर साधारण तीनातल्या एका रुग्णाला नैराश्य येतं, आणि सेवा करणाऱ्यालाही येऊ शकतं. दोन आठवडे झोप नाही, जेवण नाही, कशातच जीव नाही असं झालं तर डॉक्टरांना सांगा. त्यावर उपचार आहेत. जगून काय करायचं असा विचार येत असेल तर त्याच दिवशी कुणाला तरी सांगा. टेलिमानस ह्या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा नंबर चोवीस तास चालतो, पैसे पडत नाहीत, मराठीत बोलता येतं.

आणि स्वतःचं काम पूर्ण बंद करू नका. मी सुरुवातीला फक्त फॉल-पिको घेतलं, कटोरी ब्लाउज नाही, आणि तारीख सांगताना नेहमीपेक्षा आठवडा पुढची सांगितली. मशीनवर बसले की तेवढा वेळ मी कुणाची सेवेकरीण नसते. घरात चार पैसे येतात ते वेगळंच.

सगळं जरा मार्गी लागलं की परत झटका येईल ही भीती सुरू होते. ती उगाच नाही, येऊ शकतो. बरं वाटतंय म्हणून बीपीच्या गोळ्या आपल्या मनाने बंद करायच्या नाहीत. दाराच्या आतल्या बाजूला मोठ्या अक्षरात कागद लावा: तोंड वाकडं, हात खाली पडतोय, बोलणं अडखळतंय, ह्यातलं एक जरी अचानक दिसलं तरी 108ला फोन, आणि कधी सुरू झालं ती वेळ लिहून घ्यायची. मेंदूतली रक्ताची गुठळी विरघळवायचं इंजेक्शन साधारण साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं, त्याआधी स्कॅन व्हावा लागतो, म्हणून सीटी स्कॅनची सोय असलेलं जवळचं रुग्णालय कुठलं ते आजच विचारून त्याच कागदावर लिहा. घरातल्या प्रत्येकाकडून, नातवंडांकडूनसुद्धा, तो कागद एकदा मोठ्याने वाचून घ्या.