शिट्टी हातात घेण्याआधी: कबड्डीपटूचा प्रशिक्षक होताना

गुडघ्याने राजीनामा दिला, की मंडळात पुढचं ठरलेलंच असतं. गणपतीत शाल-श्रीफळ मिळतं आणि अध्यक्ष माइकवरूनच जाहीर करतात, "आता पोरांना हाच बघणार." सोमवारी संध्याकाळी तू प्रशिक्षक. लालबाग-परळपासून वडाळ्यापर्यंत हे असंच चालतं आणि निम्मे चांगले खेळाडू यातच वाया जातात. म्हणून सांगतो, शाल घे, शिट्टी थोडी थांबव.

कालपर्यंत ज्याच्या मनगटाला मनगट अडकवून तू साखळी धरलीस, त्याला आज बाकावर बसवायचंय. तो ऐकेल? तू तरी मोकळेपणाने सांगशील? त्याची आई तुला जिन्यात रोज भेटते. त्यामुळे पहिलं काम म्हणजे दुसरं मंडळ शोध आणि तिथल्या जाणत्या प्रशिक्षकाला विचार, "मी हाताखाली येऊ का?"

याचं माझं आवडतं उदाहरण कबड्डीतलं नाही. भाचा मेलबर्नला असतो, त्याच्यामुळे मला ऑस्ट्रेलियन फुटबॉलचा नाद लागला. अंडाकृती मैदान, एका बाजूला १८ खेळाडू, चेंडू लाथेने उडवायचा नाहीतर मुठीने ठोसून द्यायचा. मधल्या दोन खांबांतून लाथेने गेला तर ६ गुण, बाजूच्या खांबांतून गेला तर १. त्यात डेमियन हार्डविक नावाचा एक दांडगा बचावपटू होता. एसेंडनकडून २००० मध्ये आणि पोर्ट अ‍ॅडलेडकडून २००४ मध्ये विजेतेपद, एकूण २०७ सामने. २००४ चा करंडक उचलून तो थांबला. पण जुन्या संघात शिट्टी घेऊन गेला नाही. हॉथॉर्नला अ‍ॅलिस्टर क्लार्कसनच्या हाताखाली सहायक म्हणून राहिला, २००८ चं विजेतेपद त्याने तिथेच पाहिलं, आणि मग २०१० पासून रिचमंडचा मुख्य प्रशिक्षक झाला. रिचमंडकडून तो कधी खेळलेलाच नव्हता. त्याच खेळातला थोर रॉन बरासीसुद्धा मेलबर्न संघाचा हुकमी माणूस, पण प्रशिक्षक व्हायला १९६४ नंतर कार्लटनला गेला. लोक चिडले. चिडू देत.

हाताखाली असताना कमीपणाचं काम आनंदाने कर. मुलांची वजनं वेळेवर होतायत का बघ, जन्मदाखले फाइलला लाव, पंचांकडे यादी दे. स्पर्धा अर्धी इथेच हरतात, हे खेळताना कुणाला कळत नाही.

आता खरी विद्या, म्हणजे बघायला शिकणं. खेळाडूला मैदान छातीच्या उंचीवरून दिसतं. लेफ्ट कॉर्नरला, म्हणजे डाव्या टोकाच्या बचावपटूला, रेडरचा (चढाई करणाऱ्याचा) पाय दिसतो, आपल्याच संघातले बाकीचे सहा दिसत नाहीत. ऑस्ट्रेलियात बरेच प्रशिक्षक सामना चालू असताना स्टँडमध्ये उंचावर, काचेच्या खोलीत बसतात. आपल्याकडे काचेची खोली नाही, पण चाळ आहे. ज्या पटांगणाला चाळ लागून असेल, तिथला एखादा सामना तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीतून बघ. वाळत घातलेले कपडे बाजूला सार, घरवाल्या काकूंना आधी विचार. कॉर्नर आणि त्याच्या आतल्या बाजूचा कव्हर यांच्यात भगदाड कधी पडतं, हे वरून दिसतं. बहुतेक वेळा ते पकड फसल्यावर पडत नाही, त्याच्या आधीच पडतं. रेडर बोनस गुणासाठी रेषेपलीकडे पाय टाकतो, कॉर्नर एक पाऊल जास्त पुढे येतो आणि कव्हर जागेवरच राहतो.

वही ठेव. गुण लिहू नकोस, ते गुणलेखक लिहितो. तू लिही की समोरचा रेडर कोणत्या बाजूने आत शिरतो, ३० सेकंदांपैकी शेवटच्या दहात काय करतो, दमल्यावर कोणता हात खाली पडतो. तिसऱ्या चढाईला तो ठरावीक एकच गोष्ट करतो का? बहुतेक जण करतात. मोबाइलवर चित्रीकरण करायचं तर मैदानाच्या मागून कर, बाजूने नको. बाजूने फक्त झटापट दिसते.

बोलण्याचं म्हणशील, तर तुला वेळच नसतो. प्रत्येक डावात दोन टाइम-आउट, तेही ३० सेकंदांचे, आणि मध्ये ५ मिनिटांची विश्रांती. एवढ्यात एकच गोष्ट सांग. १९७० च्या अंतिम सामन्यात बरासीचा कार्लटन मध्यंतराला ४४ गुणांनी मागे होता. त्याने खेळाडूंना सांगितलं, हाताने चेंडू द्या आणि धावत राहा. कार्लटन १० गुणांनी जिंकला. आपले लोक टाइम-आउटमध्ये काय करतात? कर्णधार बोलतो, मॅनेजर बोलतो, कुणाचा तरी काका दोरीवरून वाकून बोलतो. पोराच्या डोक्यात काहीच शिरत नाही. काकाला आधीच लांब बसव.

मुलांशी ओळख हवी. २०१७ च्या मोसमाआधी रिचमंडच्या खेळाडूंनी एकेक करून सगळ्यांसमोर तीन गोष्टी सांगितल्या: आपला आदर्श कोण, सोसलेलं दुःख कोणतं, आनंदाचा क्षण कोणता. मी हे मॅटवर गोल बसवून करून घेतलं. संध्याकाळी नेहमी सुस्त वाटणारा एक मुलगा पहाटे चारला पेपर टाकायला उठतो, हे तेव्हा कळलं. त्याच्या सरावाची वेळ बदलली, पायही हलायला लागले.

मंडळ हाती घेण्याआधी समितीकडून किमान दोन-तीन मोसम मागून घे. हार्डविकचा रिचमंड २०१० मध्ये पहिले नऊ सामने हरला होता आणि २०१६ ला तेरावा आला होता. पुढच्याच वर्षी जिंकला, ३७ वर्षांनी. मग २०१९ आणि २०२० लाही. आपल्याकडची समिती नवव्या पराभवापर्यंत थांबत नाही, दुसऱ्यालाच बैठक बोलावते.

कागदांचंही बघ. पतियाळाच्या एनआयएसचा (राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा) सहा आठवड्यांचा प्रशिक्षक-कोर्स कर. शिकण्याइतकाच दारं उघडायला उपयोगी पडतो. शाळेत कायम क्रीडाशिक्षक व्हायचं तर बी.पी.एड. ही शारीरिक शिक्षणाची पदवी लागते. नाहीतर १४ आणि १७ वर्षांखालच्या शालेय संघांना मानधनावर शिकव, दहावीच्या क्रीडा गुणांमुळे पालकच मुलं पाठवतात. खेळाडू म्हणून लागलेली नोकरी मात्र सोडू नकोस. आणि मानधन किती, बाहेरगावच्या स्पर्धेचं भाडं कोण देणार, हे शाळेकडून जूनमध्येच लिहून घे. तोंडी ठरलेलं दिवाळीनंतर कुणालाच आठवत नाही.