जन्मदराचा आकडा हातात आला, आता तो वाचायचा कसा?

‘जन्मदर घटला’ अशी बातमी दिसली की आधी एवढंच बघा: कुठला दर? या एका नावाखाली दोन वेगळी मापं सर्रास खपवली जातात.

पहिला कच्चा जन्मदर. वर्षभरातले जिवंत जन्म भागिले वर्षाच्या मध्याची लोकसंख्या, गुणिले १०००. जुळी झाली तर दोन जन्म धरायचे, मृत जन्म धरायचा नाही. दुसरा एकूण प्रजनन दर, म्हणजे इंग्रजी आद्याक्षरांनी टीएफआर. प्रत्येक वयात आज जितकी मुलं होताहेत तितकीच पुढेही होत राहिली, तर एका बाईला आयुष्यभरात सरासरी किती मुलं होतील, हे तो सांगतो.

नमुना नोंदणी पद्धतीच्या, म्हणजे निवडक वस्त्यांतले जन्म-मृत्यू सतत टिपून काढलेल्या सरकारी आकड्यांत हा फरक स्वच्छ दिसतो. भारताचा कच्चा जन्मदर १९७१ मध्ये ३६.९ होता, २०२० मध्ये १९.५, घट साधारण ४७ टक्के. त्याच काळात टीएफआर ५.२ वरून २.० वर आला. घट सुमारे ६२ टक्के. दोन्ही बरोबर आहेत. कच्च्या दराच्या छेदात आजोबांपासून तान्ह्या बाळापर्यंत सगळे असतात, आणि मधल्या काळात लोकसंख्येतला मूल होण्याच्या वयातल्या बायकांचा वाटा वाढला. त्यामुळे घरटी मुलं झपाट्याने कमी होऊनही कच्चा दर तितका उतरला नाही. टीएफआरने २.१ ही पातळी, म्हणजे एका पिढीची जागा पुढची पिढी जेमतेम भरून काढते ती, गाठली तरी लोकसंख्या वाढत राहते, त्याचंही कारण हेच: आया होणाऱ्यांची पिढीच मोठी आहे.

टीएफआर काढणं अवघड नाही. १५ ते ४९ वयाचे पाच-पाच वर्षांचे सात गट पाडा. प्रत्येक गटातल्या बायकांना वर्षभरात झालेली मुलं भागिले त्या गटातल्या बायका, गुणिले १०००. समजा उत्तरं अशी आली: ३०, १४०, १३०, ६५, २०, ५, ०. बेरीज ३९०. आता तिला ५ ने गुणा, कारण प्रत्येक बाई प्रत्येक गटात पाच वर्षं काढते. १९५० आले, १००० ने भागा, १.९५. पाचने गुणायचं राहून जाणं ही नेहमीची चूक. उत्तर ०.३९ आलं, तर समजा तिथेच घोळ आहे.

नुसती बेरीज बघून थांबू नका, गट बघा. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या चौथ्या फेरीत (२०१५-१६) १५-१९ वयोगटाचा दर हजारी ५१ होता, पाचव्या फेरीत (२०१९-२१) ४३. पहिलं मूल पुढे ढकललं जातं, तेव्हा त्या काही वर्षांचा टीएफआर प्रत्यक्षापेक्षा खाली दिसतो. मुलं कमी होणार की फक्त उशिरा होणार, हे एका वर्षाच्या आकड्यावरून ठरत नाही.

गाव किंवा तालुक्याचा दर काढायचा असेल तर खरी अडचण नोंदवहीत आहे. आपल्याकडे जन्म जिथे झाला तिथे नोंदवतात, आई राहते तिथे नाही. पहिलं बाळंतपण माहेरी; पुढचं तालुक्याच्या दवाखान्यात. मग ज्या गावात दवाखाना नाही, तिथली नोंदवही रिकामी आणि तालुक्याची फुगलेली. उपाय सोपा आहे: जन्म नोंदणीच्या अर्जाच्या सांख्यिकी भागात आईचं नेहमीचं राहण्याचं ठिकाण विचारलेलं असतं, जन्म त्याप्रमाणे लावून घ्या. आईचं वय आणि हे कितवं मूल, हेही तिथेच मिळतं. नोंदणीची मुदत २१ दिवसांची आहे, पण उशिराच्या नोंदी येतच राहतात. म्हणून गोळाबेरीज नोंदणीच्या तारखेने नव्हे, जन्मतारखेने करा.

शिवाय लहान गावात योगायोगच फार असतो. ४,२०० वस्तीत ५८ जन्म, दर १३.८. पुढच्या वर्षी ७० झाले की १६.७, आणि लगेच ‘गावात जन्मदर उसळला’! ५८ चं वर्गमूळ ७.६, त्याच्या दुपटीइतका, म्हणजे १५ चा, वरखाली फरक नुसत्या योगायोगाने पडू शकतो. तीन वर्षांची सरासरी काढल्याशिवाय बोलू नये.

बाळंतपण कुठे आणि कसं होतं, हे आकडे वाचताना टक्केवारी कशाची आहे ते तपासा. पाचव्या फेरीत ८८.६ टक्के जन्म दवाखान्यात झाले. २००५-०६ मध्ये हेच प्रमाण ३८.७ होतं. सिझेरियन ८.५ वरून २१.५ टक्क्यांवर गेलं. सरकारी दवाखान्यातल्या बाळंतपणांत ते १४.३ टक्के, खासगीत ४७.४. या दोहोंची सरळ सरासरी काढली तर जवळपास ३१ येते, आणि ती चूक आहे. एकूण जन्मांपैकी ६१.९ टक्के सरकारी दवाखान्यांत झाले, २६.७ टक्के खासगीत. या वजनांनी गुणलं तर ८.८५ अधिक १२.६६, म्हणजे २१.५. राज्यांत तर जमीन-अस्मानाचा फरक: तेलंगणात ६०.७, महाराष्ट्रात २५.४. देशाची सरासरी घेऊन एखाद्या जिल्ह्याबद्दल बोलण्यात अर्थ नाही.

काळही सांभाळा. या सर्वेक्षणातला टीएफआर मुलाखतीआधीच्या तीन वर्षांतल्या जन्मांवरून काढलेला असतो, सिझेरियनचं प्रमाण आधीच्या पाच वर्षांवरून. त्यामुळे ‘२०२१ मध्ये २१.५ टक्के’ असं लिहू नका. ‘पाचव्या फेरीआधीच्या पाच वर्षांत’ असं लिहा. आणि आलेख काढताना एक टोक नमुना नोंदणीतलं, दुसरं कुटुंब आरोग्य सर्वेक्षणातलं असं जोडू नका. दोन्हींची पद्धत वेगळी आहे, रेषा एकाच मालिकेची हवी.