स्कूटरची इग्निशन कॉइल कशी तपासावी आणि कशी बदलावी

सकाळी पहिल्याच किकला सुरू होणारी स्कूटर पंधरा-वीस मिनिटे चालल्यावर मिसिंग करू लागते, चढावर दम टाकते, सायलेन्सरमधून एक-दोन फटाके मारते आणि भर रस्त्यात बंद पडते. अर्धा तास सावलीत उभी केली, की काही झालेच नव्हते अशा थाटात ती पुन्हा सुरू होते. इग्निशन कॉइल निकामी होत आल्याचे हे सर्वांत ओळखीचे लक्षण आहे. मात्र तेवढ्यावरून नवी कॉइल आणण्याची घाई करू नये, कारण पेट्रोलच्या टाकीच्या झाकणातले हवेचे छिद्र बुजले असले तरी गाडी हुबेहूब अशीच वागते. या दोहोंतला फरक रस्त्याच्या कडेलाच कळतो. गाडी बंद पडल्याबरोबर टाकीचे झाकण उघडावे. आत हवा शिरल्याचा सुस्कारा ऐकू आला आणि गाडी मिनिटभरात सुरू झाली, तर दोष झाकणाचा आहे. झाकण उघडूनही गाडी ढिम्म राहिली आणि थंड झाल्यावरच सुरू झाली, तर संशय ठिणगीवर घ्यावा.

कॉइल म्हणजे मुळात एक लहानसा ट्रान्सफॉर्मर असतो. लोखंडी गाभ्याभोवती जाड तारेचे थोडे वेढे असलेले प्रायमरी आणि केसासारख्या बारीक तारेचे हजारो वेढे असलेले सेकंडरी अशी दोन वेटोळी तिच्यात असतात. सेकंडरीतले वेढे प्रायमरीच्या साधारण शंभर पट असल्यामुळे प्लगपाशी १०,००० व्होल्टहून अधिक दाब तयार होतो आणि दाबलेल्या मिश्रणातून ठिणगी उडी घेते. हे सारे इपॉक्सीत ओतून बंद केलेले असल्याने कॉइल उघडून दुरुस्त करता येत नाही. इंजिनाच्या उष्णतेने आणि हादऱ्यांनी त्या बारीक तारेला किंवा तिच्यावरच्या इन्सुलेशनला सूक्ष्म तडा गेला, की गरम झाल्यावर तो तडा उघडतो आणि गार झाल्यावर मिटतो. म्हणूनच गार कॉइलची साक्ष कधीही अखेरची मानू नये. घरी आणून, निवांत थंड झालेल्या गाडीवर मीटर लावून ‘कॉइल ठीक आहे’ असा निर्वाळा देणारे अनेक जण इथेच फसतात.

याच्या उलट फसगतही होते आणि ती मी स्वतः अनुभवली आहे. माझी स्कूटर पावसाळ्यात वारंवार बंद पडू लागली, तेव्हा मी दुसरे काहीही न तपासता सरळ कॉइल बदलली. आठवड्याने तोच त्रास पुन्हा सुरू झाला. अखेर प्लगवरची कॅप पिळून काढली, तेव्हा वायरच्या टोकाचे तांबे हिरवे पडून भुग्यासारखे झालेले दिसले. ते टोक बोटभरही कापावे लागले नाही, नखाएवढा तुकडा काढला आणि गाडी सुरळीत झाली. तेव्हापासून मी प्लगपासून सुरुवात करून मागे कॉइलकडे जातो.

कॉइलवर ठपका ठेवण्याआधी

फ्यूज, बंद करण्याचे बटण, साइड स्टँडचा स्विच आणि बॅटरीची टोके ही पाच मिनिटांत पाहून होतात. ती आधी उरकून घ्यावीत. त्यानंतर इंजिन थंड असताना प्लग काढावा. गरम ॲल्युमिनियमच्या हेडमधून प्लग काढताना आटे निघून येण्याची भीती असते आणि तो खर्च कॉइलच्या कितीतरी पुढचा असतो. प्लगचे टोक फिकट तपकिरी असेल तर ज्वलन चांगले आहे, काळे व कोरडे असेल तर मिश्रण जाड (हवेच्या मानाने पेट्रोल जास्त) आहे किंवा ठिणगी दुबळी आहे, आणि पेट्रोलने ओले असेल तर पेट्रोल पोचते आहे पण पेटत नाही. प्लगच्या दोन टोकांमधले अंतर, म्हणजे गॅप, फिलर गेजने (ठरावीक जाडीच्या पातळ पट्ट्यांनी) मोजावा. बहुतेक स्कूटरांना तो ०.६ ते ०.८ मिलिमीटर लागतो, पण आपल्या गाडीच्या माहितीपुस्तिकेतला आकडाच प्रमाण मानावा. झिजून गॅप वाढलेला प्लग हा कॉइलचा छुपा शत्रू आहे, कारण तेवढे अंतर ओलांडण्यासाठी कॉइलला दर ठिणगीमागे अधिक दाब निर्माण करावा लागतो आणि तो दाब तिच्या इन्सुलेशनवरच येतो.

आता प्लगची कॅप घ्यावी. ती वायरवर स्क्रूसारखी बसवलेली असते. घड्याळाच्या उलट दिशेने फिरवली की सुटते. बहुतेक कॅपमध्ये रेडिओतली खरखर टाळण्यासाठी सुमारे ५,००० ओहमचा रोध बसवलेला असतो. मल्टिमीटरने कॅपच्या दोन्ही टोकांमध्ये मोजल्यावर याच्या आसपासचा आकडा यावा. आकडा कित्येक पट मोठा आला किंवा मीटरने काहीच दाखवले नाही, तर कॅप बाद समजावी. हाय टेन्शन वायरचे (कॉइलपासून प्लगकडे येणाऱ्या जाड वायरचे) टोक काळवंडलेले किंवा हिरवे दिसले, तर ५ ते ६ मिलिमीटर कापून ताजे चकचकीत तांबे उघडे करावे आणि कॅप पुन्हा घट्ट फिरवावी. अर्थात, वायरला तेवढी ढील असेल तरच कापावे; ताणून बसवलेली वायर पुढे हादऱ्याने तुटते.

ठिणगीची चाचणी करताना एक युक्ती कामाची आहे. इंजिनातला प्लग त्याच्या जागीच राहू द्यावा आणि दुसरा, चांगला प्लग कॅपमध्ये खोचून त्याचा धातूचा भाग इंजिनाच्या रंग न लावलेल्या, स्वच्छ जागेवर टेकवावा. प्लगचे भोक बंद राहिल्यामुळे तिथून पेट्रोलची वाफ बाहेर येत नाही आणि ठिणगीने ती भडकण्याचा धोका राहत नाही. फ्यूएल इंजेक्शनची गाडी असेल, तर आधी इंजेक्टरचा कनेक्टर काढून ठेवावा, म्हणजे आतला प्लग उगाच भिजत नाही. प्लग हातात धरू नये. क्लिपने अडकवावा किंवा इन्सुलेशन असलेल्या पकडीने दाबून धरावा. ज्यांच्या छातीत पेसमेकर बसवला आहे, त्यांनी हे काम दुसऱ्याकडून करून घ्यावे. तसेच कॅप मोकळी लोंबत ठेवून सेल्फ मारू नये. दाबाला बाहेर पडायला वाट मिळाली नाही, तर तो कॉइलच्या आतच वाट काढतो आणि चांगली कॉइल तपासणीतच बिघडते.

निळसर पांढरी, चटचट आवाज करणारी ठिणगी चांगली. पिवळट नारिंगी, मधूनमधून चुकणारी ठिणगी वाईट. पण ठिणगी दिसली म्हणून कॉइल निर्दोष ठरत नाही, हे इथे आवर्जून सांगायला हवे. मोकळ्या हवेत एक मिलिमीटर अंतर ओलांडायला साधारण ३,००० व्होल्ट लागतात, आणि सिलिंडरमध्ये मिश्रण दाबले गेल्यावर त्याच गॅपला कित्येक पट जास्त दाब लागतो. म्हणजे बाहेर ऐटीत उडणारी ठिणगी आत शिरल्यावर उडेलच असे नाही. यासाठी गॅप कमी-जास्त करता येणारा स्पार्क टेस्टर मिळतो. त्यावर ६ ते ७ मिलिमीटरची उडी सलग मिळाली, तर भरवसा ठेवता येतो.

अंधारात गाडी सुरू करून कॉइल आणि वायर यांच्याकडे नुसते पाहत राहणे हीसुद्धा उत्तम चाचणी आहे. इन्सुलेशनला तडा असेल, तर निळी रेघ फ्रेमकडे सरकताना दिसते किंवा टिकटिक ऐकू येते. काहीच दिसले नाही, तर फवाऱ्याच्या बाटलीने पाण्याचे बारीक तुषार उडवावेत. पावसाळ्यात रुसणाऱ्या गाड्यांचा दोष बहुधा इथे उघडा पडतो. गाडी सुरू असताना वायरला हात मात्र लावू नये.

मीटरने मोजणे

बहुतेक स्कूटरांत कॉइल सीटखाली, बाजूच्या पॅनेलमागे किंवा पाय ठेवण्याच्या जागेखाली फ्रेमला बसवलेली असते. चावी बंद करून कॉइलचे कनेक्टर काढावेत. प्रायमरी मोजण्यासाठी मीटर सर्वांत लहान ओहमच्या पट्टीवर ठेवून आधी त्याच्या दोन्ही वायरींची टोके एकमेकांना लावावीत, येणारा ०.२ किंवा ०.३ ओहमचा आकडा मीटरच्या वायरींचाच असतो आणि तो पुढच्या प्रत्येक मोजमापातून वजा करावा लागतो. मग कॉइलच्या दोन्ही लहान टर्मिनलांमधला रोध घ्यावा. एकच टर्मिनल असलेल्या कॉइलमध्ये दुसरे टोक म्हणजे तिचा लोखंडी गाभा असतो. सीडीआय पद्धतीच्या (कपॅसिटरमध्ये साठवलेली वीज एका ठोक्यात कॉइलला देणाऱ्या) कॉइलची प्रायमरी साधारणपणे एका ओहमच्या आत भरते, तर बॅटरीवर चालणाऱ्या ट्रान्झिस्टर पद्धतीच्या (ट्रान्झिस्टरने कॉइलचा प्रवाह चालू-बंद करणाऱ्या) कॉइलची बहुधा २ ते ४ ओहम भरते. सेकंडरीसाठी कॅप काढून वायरचे टोक आणि प्रायमरीचे टर्मिनल किंवा गाभा यांमध्ये मोजावे; तिथे काही हजार ओहम यायला हवेत. कॅप न काढता मोजले, तर तिचे ५,००० ओहम आकड्यात मिसळतात, हे विसरू नये.

आकडा अनंत आला तर तार तुटली आहे, आणि पुस्तिकेतल्या आकड्यापेक्षा बराच कमी आला तर वेढे आपसांत चिकटले आहेत. आकडा बरोबर आला, तर गाडी गरम होऊन बंद पडेपर्यंत चालवावी आणि बंद पडल्याबरोबर, थंड होऊ न देता, पुन्हा मोजावे. तेवढी सवड नसेल, तर केस वाळवण्याच्या यंत्राने कॉइल हाताला चटका बसेल इतकी तापवून मोजले तरी चालते. तांब्याचा रोध दर अंश सेल्सिअसला सुमारे ०.४ टक्क्यांनी वाढतो, म्हणजे तापमान ५० अंशांनी वाढले तर आकडा पाचव्या हिश्शाने वाढणे स्वाभाविक आहे. त्याला दोष मानू नये. आकडा एकदम उडाला, अनंतावर गेला किंवा नाचू लागला, तर निकाल लागला.

मीटर नऊ व्होल्टच्या सेलवर चालतो आणि कॉइल हजारो व्होल्टवर काम करते, त्यामुळे फक्त मोठ्या दाबाखाली गळणारे इन्सुलेशन मीटरला दिसत नाही. अशा वेळी त्याच मॉडेलच्या दुसऱ्या गाडीची, चांगली चालणारी कॉइल तात्पुरती जोडून पाहणे हाच खरा निवाडा असतो. तसेच कॉइलपर्यंत वीज येते आहे ना, हेही पाहावे. ट्रान्झिस्टर पद्धतीत चावी चालू केल्यावर एका वायरवर बॅटरीइतके, म्हणजे १२ व्होल्टच्या आसपास मिळायला हवेत. काही गाड्यांत ते काही सेकंदच टिकतात. सीडीआयचे ठोके इतके क्षणिक असतात की साधा मीटर ते पकडू शकत नाही, म्हणून तिथला आकडा पाहून निष्कर्ष काढू नये.

कॉइल बदलणे

नवी कॉइल दिसायला आणि बसायला सारखी आहे म्हणून घेऊ नये. सीडीआयसाठी बनवलेली ०.५ ओहमची कॉइल चुकून ट्रान्झिस्टर पद्धतीच्या गाडीला जोडली, तर १२ व्होल्टवर ४ अँपिअरऐवजी २४ अँपिअरपर्यंत प्रवाह ओढला जाऊ शकतो आणि कॉइलपेक्षा कितीतरी महाग असलेले कंट्रोल युनिट जळू शकते. जुन्या कॉइलवरचा भाग क्रमांक जुळवून घ्यावा.

प्रथम बॅटरीचे ऋण टोक काढावे. पॅनेल काढताना स्क्रू कुठला कुठे होता हे कळावे म्हणून ते एका कागदावर त्याच मांडणीत ठेवावेत, कारण प्लॅस्टिकच्या जागी लांब स्क्रू गेला तर पॅनेलला तडा जातो. वायरींचा फोटो काढून घ्यावा आणि कनेक्टर वायरला न ओढता त्याची खिट्टी दाबून सोडवावा. अनेक कॉइलची दोन टर्मिनले वेगवेगळ्या रुंदीची असतात, त्यामुळे अदलाबदल होत नाही. दोन्ही सारखी असतील, तर सोडवण्यापूर्वीच खूण करावी. मग नट-बोल्ट सोडून कॉइल काढावी.

फ्रेमवरची जागा कितीही चांगली दिसली तरी पॉलिश पेपरने धातू चमकेपर्यंत घासावी. एकच टर्मिनल असलेल्या कॉइलचे अर्थिंग याच जागेतून होते, आणि इथला गंज किंवा रंग नव्या कॉइललाही जुन्यासारखीच लक्षणे देतो. बोल्ट बेताने आवळावा. अति आवळल्यास कॉइलचे कान तुटतात. हाय टेन्शन वायर सायलेन्सर आणि सिलिंडरच्या पंखांपासून दूर, जुन्याच मार्गाने न्यावी आणि फ्रेमच्या कडेवर ती घासणार नाही हे पाहावे. कॅप जुनी असेल तर तीही बदलावी, आणि प्लग तर नवाच घालावा. प्लग आधी हाताने पूर्ण फिरवावा, मग वॉशर असलेला नवा प्लग पान्याने साधारण अर्धा फेरा आवळावा. कॅपच्या रबरात सिलिकॉन ग्रीसचा बारीक थर दिल्यास पाणी आत शिरत नाही.

पॅनेल लावण्याआधी गाडी सुरू करून पाहावी आणि ती जितक्या वेळाने बंद पडत होती, त्याच्या दुप्पट वेळ, एखाद्या चढासह, चालवून पाहावी. कॅटॅलिटिक कन्व्हर्टर (सायलेन्सरच्या वाटेवरचा, धूर शुद्ध करणारा भाग) असलेली गाडी मिसिंग करत असताना तशीच रेटत राहू नये. न जळलेले पेट्रोल तिथे जाऊन पेटते आणि तो भाग खराब होतो. नवी कॉइल, प्लग आणि कॅप असूनही गाडी गरम झाल्यावरच बंद पडत असेल, तर पुढचा संशय मॅग्नेटजवळच्या पिकअप कॉइलवर (ठिणगी केव्हा उडवायची याचा इशारा देणाऱ्या लहान कॉइलवर) घ्यावा. तिचा रोध बहुधा शंभर ते काही शे ओहम असतो, आणि तोही गाडी बंद पडल्यावर, इंजिन गरम असतानाच मोजावा.