सायकल रिक्षाने चांदनी चौक: आधी भाडं, मग गल्ल्या

लाल किल्ला मेट्रो स्थानकाबाहेर रिक्षात बसण्याआधी भाडं पक्कं करा: तासाचं की फेरीचं, माणशी की अख्ख्या रिक्षाचं, थांबण्याचा वेळ धरून की वगळून? वाद होतो तो नेमका यावरूनच. एका रिक्षात दोघंच बसा, ओढणारा माणूस आहे.

लाल किल्ला ते फतेहपुरी मशीद या रस्त्यावर सकाळी ९ ते रात्री ९ मोटारींना बंदी असते, म्हणून सकाळी नऊनंतर निघा. किनारी बाजारात रिक्षा गर्दीत अडकते. तोंडाशीच उतरून चाला. तिथली नौघरा गल्ली, रंगीत दारांची जुनी जैन घरं, अजिबात चुकवू नका. शेवटी खारी बावली, मसाल्यांचा बाजार. मिरचीच्या खकाण्याने ठसका लागतो, नाकाला रुमाल हवाच. रविवारी बहुतेक दुकानं बंद असतात.