मोबाईलवर प्रचार करताय? पोरांनो, या चुका टाळा

निवडणूक लागली की आपल्या पेठापेठांत तालमीतली पोरं मोबाईल घेऊन रात्र रात्र बसतात, मनापासून राबतात, आणि निकालादिवशी एवढे लाईक होते मग मतं कुठं गेली म्हणून डोकं धरतात. मी स्वतः हे काम केलंय म्हणून सांगतोय.

सगळ्यात मोठी चूक बूस्टची, म्हणजे पैसे भरून पोस्ट जास्त लोकांना दाखवायची. फेसबुकवर नुसतं 'कोल्हापूर' टाकून बूस्ट मारलं की पोस्ट उत्तर, दक्षिण, करवीर अशा सगळ्या मतदारसंघांत फिरते, आणि आपला उमेदवार फक्त उत्तरचा! लाईक करणाऱ्यांची नावं एकदा उघडून बघा, अर्धी पोरं पुण्याला नोकरीला असतात. मॅपवर पिन टाकून एरिया जमेल तेवढा लहान करा, आणि खरं काम मतदार यादीवर करा, बूथनिहाय. प्रत्येक बूथला त्याच गल्लीतला एक माणूस धरा, त्यानं स्वतःच्या नंबरवरून, स्वतःच्या शब्दांत लिहायचं. शाहूपुरीतल्या कुंभार गल्लीत पुराचं पाणी हा जिव्हाळ्याचा विषय आहे, तोच मेसेज शिवाजी पेठेत पाठवून कोण वाचणार?

फॉरवर्ड जात नाही म्हणून नेटवर्कला शिव्या देऊ नका. खूप वेळा फिरलेला मेसेज एका वेळी एकाच चॅटला जातो, व्हॉट्सअ‍ॅपनं 2020 पासून तसंच ठेवलंय.

पैशाचं नीट ऐका. विधानसभेला खर्चाची मर्यादा 40 लाख आहे आणि बूस्ट, रील बनवणाऱ्याचं बिल सगळं त्यातच धरतात, उमेदवाराच्या सांगण्यावरून मित्राच्या कार्डवरनं भरलं तरी. जाहिरात आधी जिल्ह्याच्या माध्यम समितीकडून प्रमाणित करून घ्या, आणि 'पैसे कोणी दिले' ही ओळ नसली तर फेसबुकच ती बंद करतंय.

मतदान संपायच्या आधीचे 48 तास प्रचार बंद असतो. पण आपण आठवड्याआधी शेड्यूल केलेली पोस्ट आपोआप पडते आणि जाहिरातही चालूच राहते, म्हणून शेवटची तारीख आणि वेळ आधीच टाकून ठेवा.

स्टेटसच्या बाबतीत तर हात जोडून सांगतो. जून 2023 ला स्टेटसवरून आपलं शहर पेटलं, इंटरनेट बंद करायची वेळ आली, ते विसरू नका. आपल्या उमेदवाराचा खोटा व्हिडिओ आला तर खुलासा करायला म्हणून तो परत टाकू नका. सी-व्हिजिलवर, म्हणजे निवडणूक आयोगाच्या तक्रारीच्या अ‍ॅपवर, गॅलरीतला फोटो चढत नाही, तिथंच काढावा लागतो, त्यामुळं लिंक आणि स्क्रीनशॉट घेऊन निवडणूक निर्णय अधिकाऱ्याकडं लेखी द्या आणि पोच घ्या.