कपाशीची पाने भेंडीसारखी झाली तर पीक उपटू नका

ऑगस्टच्या सुमारास कपाशी पाते, म्हणजे फुलांच्या कळ्या, धरू लागते आणि याच दिवसांत काही शेतांत विचित्र प्रकार दिसतो. चार दिवसांपूर्वी रुंद पानांनी भरलेल्या झाडांना शेंड्याकडे अरुंद, लांबट, खोल कातरलेली पाने फुटतात. लांबून पाहिले तर भेंडीचे रान वाटावे. नव्या पानांच्या शिरा समांतर धावतात, पान जाड आणि सुरकुतलेले होते, देठ पिळवटतात. खालची जुनी पाने मात्र जशीच्या तशी असतात. कधी अर्धेच शेत बदलते आणि शेजारच्याच्या कपाशीला काहीच होत नाही. मग कुजबूज सुरू होते: कुणीतरी करणी केली, भानामती केली. धुऱ्यावर लिंबू सापडले की संशय पक्का होतो.

हे काम बहुतेक वेळा २,४-डी या तणनाशकाचे असते. वनस्पतीच्या अंगात ऑक्झिन नावाचे वाढीचे संप्रेरक असते. २,४-डी त्याचीच नक्कल करते. ऊस, मका, ज्वारी, गहू ही गवतवर्गीय पिके त्याला तग धरतात, म्हणून तिथे रुंद पानांचे तण मारायला ते वापरतात. कपाशी मात्र त्याला कमालीची संवेदनशील आहे. शिफारशीच्या मात्रेच्या शंभराव्या भागाहून कमी अंश लागला तरी शेंड्यातली कोवळी पाने वेडीवाकडी घडतात. आधीच पूर्ण उमललेली पाने बदलत नाहीत, ती घडून गेलेली असतात.

खात्री करायला बांधावर फिरा. गाजर गवत पिळवटले असेल, तुरीचे किंवा टोमॅटोचे शेंडे वाकले असतील आणि ज्वारी-मका ठणठणीत असेल, तर तणनाशकच समजा. नुकसान एका बाजूला जास्त आणि आत जाताना कमी दिसले तर ते वाऱ्याबरोबर शेजारून आले आहे. फवारलेल्या ओळींपुरतेच असेल तर आपल्या पंपात तणनाशक उरले होते का ते तपासा. तुडतुड्यांच्या प्रादुर्भावात पानांच्या कडा पिवळ्या-लाल होऊन मुडपतात, पान अरुंद होत नाही. पांढऱ्या माशीमुळे पसरणाऱ्या पर्णगुच्छ विषाणूत पानामागच्या शिरा जाडावतात. तो रोग मुख्यतः पंजाब, हरियाणा, राजस्थानात त्रास देतो.

आता सगळ्यांत महत्त्वाचे. अंश थोडा असेल तर झाड स्वतःहून सावरते. साधारण ३ ते ४ आठवड्यांत शेंड्याला पुन्हा नेहमीची रुंद पाने येतात. खरे नुकसान होते ते या मधल्या दिवसांत, घाबरून केलेल्या उपायांनी. कुणी पीक मोडतो, कुणी रोग समजून एकामागोमाग एक औषधे मारतो, कुणी मांत्रिकाला पैसे देतो. यातले काहीही करू नका. या विषावर उतारा म्हणून कोणी बाटली विकत असेल तर ती घेऊ नका. तसा उतारा नाही. पातेगळ थांबवायला एनएए हे संप्रेरक फवारण्याचा मोह होतो, पण तेही ऑक्झिनच आहे, म्हणून झाड सावरेपर्यंत ते टाळा. फार वेडेवाकडे झालेले शेंडे खुडा, जमिनीत ओल टिकवा आणि वाढीला आधार म्हणून २ टक्के युरिया, म्हणजे १० लिटर पाण्यात २०० ग्रॅम, फवारा. ऐन पाते लागताना जास्त अंश बसला असेल तर पाते गळतील आणि वेचणी लांबेल, ही तयारी ठेवा.

पंपाबद्दल मला आग्रहाने सांगायचे आहे. तणनाशकाचा पंप वेगळा ठेवा, त्यावर ठळक रंगाचा पट्टा मारा आणि तो कुणालाही कीटकनाशक फवारायला उसना देऊ नका. साध्या पाण्याने खंगाळून हे विष जात नाही. नळी, गाळणी आणि नोझलच्या वायसरमध्ये ते दडून राहते. एकच पंप असेल तर तो डिटर्जंटने धुवा, मग १० लिटर पाण्यात १०० ग्रॅम धुण्याचा सोडा घालून रात्रभर भरून ठेवा, ते पाणी नळीतूनही सोडा आणि शेवटी स्वच्छ पाण्याने तीनदा धुवा. धुवण विहिरीजवळ किंवा नाल्यात ओतू नका.

ऊस-मक्यात फवारणारांनीही शेजाऱ्याच्या कपाशीचा विचार करावा. २,४-डीचे इथाइल इस्टर ३८ टक्के ईसी हे द्रावण उन्हात वाफ होऊन दूर जाते. कपाशीच्या भागात ते नकोच. त्याच्याच अमाईन सॉल्ट किंवा सोडियम सॉल्ट या प्रकारांची वाफ कमी होते, पण वाऱ्यावर थेंब उडतातच. नोझलला हूड, म्हणजे थेंब अडवणारे झाकण, लावा, ते जमिनीलगत ठेवा, दाब कमी ठेवा, आणि वारा कपाशीकडे वाहत असेल तर काम थांबवा.

करणीचा आळ घेऊन एखाद्या बाईला किंवा म्हाताऱ्याला छळणे हा महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. असा विषय निघाला तर बदललेली झाडे घेऊन कृषी विज्ञान केंद्रात जा आणि तिथले म्हणणे गावासमोर मांडा. नुकसानीबद्दल शेजाऱ्याशी बोलायचे असेल तर आधी तारखेसह फोटो काढा, सहाय्यक कृषी अधिकाऱ्याला (पूर्वीचे कृषी सहाय्यक) शेत दाखवा.

चार आठवड्यांनंतरही नवी पाने अरुंदच येत असतील तर विष पुन्हा पुन्हा लागते आहे. पंप, भाड्याने आणलेली फवारणी यंत्रे आणि पाण्याचा ड्रम पुन्हा एकदा तपासा.