सांगली-मिरजेतून चित्रपट संगीतकार होताना

सांगली-मिरजेतून अष्टपैलू चित्रपट संगीतकार होऊ पाहणाऱ्याने सुरुवात जवळूनच करावी. संगीतकार राम कदम मिरजेचे. 1972 च्या ‘पिंजरा’मध्ये लावणी आणि शोकगीत एकाच हाताने उतरलेले ऐकावे, आणि तेच काम प्रथम समोर ठेवावे. प्रत्येक गाण्याचा ताल, लय आणि मुखड्यापूर्वीचे वाद्यसंगीत वहीत उतरवावे. चाल पाठ होणे आणि चाल कळणे यांत अंतर आहे, हे तेव्हा ध्यानात येते.

मिरजेत सतार आणि तंबोरे घडवणाऱ्यांच्या दुकानात जाऊन बसावे. तंबोऱ्याच्या तारेखाली घोडीवर सुताचा धागा केसभर सरकवला की जवारी, म्हणजे तारेचा गुंजणारा नाद, कशी खुलते, हे ऐकलेला कान पुढे ध्वनिमुद्रणात फसत नाही. ढोलकी, हलगी, सनई यांनाही हाच न्याय लावावा.

मग प्रसंगाला संगीत द्यावे, कारण अष्टपैलुत्वाची खरी परीक्षा, माझ्या मते, गाण्यात नसून पार्श्वसंगीतात होते. छत्तीस सेकंदांचा संवादरहित प्रसंग घ्यावा. मिनिटाला 80 मात्रांची लय धरली तर आठ मात्रांच्या केरवा तालाचे एक आवर्तन सहा सेकंदांत पुरे होते, म्हणजे सहा आवर्तने मिळतात. त्यांपैकी दोन मोकळी सोडावीत. तोच प्रसंग पुन्हा केवळ सनईवर, नंतर तालाशिवाय बांधावा.

करारावर सही करण्यापूर्वी रॉयल्टीचे कलम वाचावेच. कॉपीराइट कायद्याच्या 2012 च्या दुरुस्तीने संगीतकाराचा तो वाटा सुरक्षित केला आहे.